ज्यूबर्ड : तात्पर्य गाळलेली प्राणिकथा

ओसरीवरचा

इसापनीतीत गोष्ट संपली की खाली 'तात्पर्य' असायचं आणि परीक्षेत मार्क त्यालाच मिळायचे. पंचतंत्रात तर विष्णुशर्म्यानं आधीच सांगून टाकलंय की हा सगळा खटाटोप राजाच्या मठ्ठ पोरांना शहाणं करण्यासाठी आहे. एकूण काय, प्राणी बोलायला लागला की तो आपल्याला काहीतरी शिकवणार, हे ठरलेलं. बर्नर्ड मॅलमडची 'द ज्यूबर्ड' ही कथा ज्यांनी वाचली नसेल त्यांनी ही सवय बाजूला ठेवून वाचावी. अमेरिकन ज्यू लेखकांच्या प्राणिकथांवर बोलायला म्हणून हा धागा काढतोय, पण सुरुवात तिच्यापासूनच करतो, कारण मला ती सगळ्यांत जास्त छळते.

लेखकाबद्दल थोडक्यात. जन्म १९१४, ब्रुकलिन. आईबाप रशियातून आलेले, वडिलांचं किराण्याचं दुकान. पुढे ओरेगॉन आणि मग बेनिंग्टन इथल्या कॉलेजांत शिकवलं. 'द मॅजिक बॅरल' या कथासंग्रहाला नॅशनल बुक अवॉर्ड, 'द फिक्सर' या कादंबरीला पुलित्झर. १९८६ साली गेला. 'ज्यूबर्ड' १९६३ची, त्याच वर्षीच्या 'इडियट्स फर्स्ट' या संग्रहात आहे. जेमतेम दहा पानं.

आता गोष्ट. (शेवट सांगणार आहे. ज्यांना आधी वाचायचीय त्यांनी इथून परत फिरा.)

न्यूयॉर्क, ऑगस्टचा उकाडा, फर्स्ट अ‍ॅव्हेन्यूवरच्या इमारतीतला सर्वांत वरचा फ्लॅट. हॅरी कोहेन हा फ्रोजन फूड विकणारा सेल्समन, बायको ईडी आणि दहा वर्षांचा मुलगा मॉरी रात्रीचं जेवायला बसलेत. सुट्टीवर गेले होते, पण ब्राँक्समध्ये राहणारी कोहेनची आई मरणपंथाला लागली म्हणून मधूनच परत आलेत. खिडकी उघडी असते. तिच्यातून एक हडकुळा काळा पक्षी आत येतो आणि टेबलावर, कोहेनच्या ताटातल्या मटणाच्या तुकड्याजवळ उतरतो. कोहेन त्याच्यावर हात उगारतो, तशी पक्षी ओरडतो, 'गेवाल्ट, पोग्रोम!' म्हणजे 'धावा हो, कत्तल!' पक्षी बोलतो याचं घरात कुणाला फारसं आश्चर्यसुद्धा वाटत नाही. कोहेनला खटकतं ते वेगळंच, हा बोलतो ते ज्यू म्हाताऱ्यासारखं.

पक्ष्याचं नाव श्वार्त्झ. आपण पळून आलोय म्हणतो. कुणापासून? ज्यूद्वेष्ट्यांपासून. गरुड, गिधाडं, ससाणे, आणि अधूनमधून काही कावळेसुद्धा डोळे काढतात, असं तो सांगतो. मग तू कावळा नाहीस का? छे, मी ज्यूबर्ड. पुस्तक नाही, प्रार्थनेची शाल नाही, तरी तो डोलत डोलत प्रार्थना म्हणतो. त्याला खारवलेला हेरिंग मासा लागतो, जमलं तर राय ब्रेडचा तुकडा, आणि वाचायला ज्यूंचं वर्तमानपत्र. कोहेन त्याला बाल्कनीत पक्ष्यांच्या घरट्यात टाकतो. दिवसा तो मॉरीचा अभ्यास घेतो, त्याचं रटाळ व्हायोलिन ऐकून घेतो, त्याच्याबरोबर खेळतो. पोराचे मार्क सुधारतात. कोहेनला लगेच बड्या कॉलेजची स्वप्नं पडायला लागतात. श्वार्त्झ मात्र सरळ सांगतो की पोरगा गुणी आहे, दारुडा निघणार नाही, बायकोला मारणार नाही, पण विद्वान काही होणार नाही. मेकॅनिक चांगला होईल कदाचित.

कोहेन त्याला घालवायचे सगळे उद्योग करतो. खाण्यात मांजराचं खाणं मिसळतो, तो झोपला की बाहेर कागदी पिशव्या फोडतो, शेवटी घरात मांजर आणतो. आणि कोहेनची आई मरते त्याच्या दुसऱ्या दिवशी, मॉरी गणितात शून्य घेऊन घरी येतो तेव्हा, बायको-पोरगा व्हायोलिनच्या शिकवणीला गेल्याची संधी साधून कोहेन श्वार्त्झचे पाय धरतो, डोक्याभोवती गरगर फिरवतो आणि बाल्कनीतून भिरकावून देतो. झटापटीत पक्ष्यानं त्याचं नाक चोचीत धरलेलं असतं, तेवढाच काय तो प्रतिकार.

वसंतात बर्फ वितळल्यावर मॉरीला नदीजवळच्या मोकळ्या जागेत तो सापडतो. पंख मोडलेले, मान पिरगळलेली, दोन्ही डोळे टोचून काढलेले. 'तुम्हाला हे कुणी केलं, मिस्टर श्वार्त्झ?' पोरगा रडत विचारतो. नंतर आई उत्तर देते, तोच श्वार्त्झचा शब्द, त्याच्याच उच्चारात. ज्यूद्वेष्ट्यांनी. संपली गोष्ट.

आता माझा मुद्दा. पंचतंत्राचं तिसरं तंत्र, काकोलूकीय, आठवा. कावळ्यांचा म्हातारा मंत्री स्थिरजीवी स्वतःला जखमी करून घेऊन झाडाखाली पडून राहतो आणि घुबडांच्या राजाकडे आश्रय मागतो. घुबडांचे मंत्री विचारविनिमय करतात. चौघं म्हणतात, शरण आलेल्याला मारू नये. एकटा रक्ताक्ष म्हणतो, मारून टाका. राजा चौघांचं ऐकतो. स्थिरजीवी गुहेच्या तोंडाशी घरट्यासाठी म्हणून एकेक काडी आणून रचतो आणि एक दिवस सगळ्या घुबडांना जिवंत जाळतो. रक्ताक्ष आधीच आपली माणसं घेऊन निघून गेलेला असतो. राजनीतीच्या दृष्टीनं बरोबर कोण? रक्ताक्ष.

मॅलमडची कथा मला नेमकी याच गोष्टीची उलटी बाजू वाटते. काळा पक्षी, मोडक्या अवस्थेत आलेला, आसरा मागणारा. घरातले दोघं म्हणतात राहू दे, एक जण म्हणतो हाकला. फरक एवढाच की इथे गोष्ट पक्ष्याच्या बाजूनं सांगितलीय आणि आपल्यातला रक्ताक्ष उघडा पडलाय. पंचतंत्रात आश्रय मागणाऱ्यावर संशय घेणं हे शहाणपण असतं. मॅलमडच्या घरात तेच शहाणपण खुनाकडे जातं. आणि तरी तो आपल्याला 'म्हणून पाहुण्याला हाकलू नये' असलं तात्पर्य देत नाही, कारण मारणारा आणि मेलेला एकाच जातकुळीचे आहेत.

मॅलमडनं पंचतंत्र वाचलं होतं असा माझा दावा नाही. पण एक गंमत सांगून थांबतो. पंचतंत्र युरोपात पोचलं त्या वाटेतला एक महत्त्वाचा टप्पा हिब्रू होता. पंचतंत्राचं अरबी रूप म्हणजे 'कलीला व दिम्ना'. त्याचं बाराव्या शतकात रब्बी (ज्यू धर्मगुरू) योएल यांच्या नावावर असलेलं हिब्रू भाषांतर झालं, त्यावरून तेराव्या शतकात जॉन ऑफ कापुआनं लॅटिन केलं (हा स्वतः ज्यू धर्मातून ख्रिस्ती झालेला), आणि तिथून पुढे युरोपच्या बाकी भाषा. घुबड-कावळ्यांचं प्रकरण त्यात आहे. म्हणजे हा कावळा ज्यूंच्या घरातून आधी एकदा जाऊन आलेला आहे.

तुमचं काय मत?

तिरफळ

वाचनखूण साठवली. काकोलूकीयाची जोड भारी आहे, डोक्यात आलं नव्हतं.

पण एक शंका. रक्ताक्षाला पुरावा नव्हता, तर्क होता. कोहेनकडे तर्कसुद्धा नाही. पक्षी माझं घर जाळेल अशी भीती त्याला वाटत नाही, त्याला लाज वाटते. वास, मासा, ते डोलणं, ते उच्चार. फ्रोजन फूड विकणारा माणूस आहे तो. कष्टानं वरच्या मजल्यापर्यंत आलाय आणि खिडकीतून त्याचा आजा उडून आत येतो. मला ही शत्रू-मित्राची गोष्ट वाटतच नाही, ही घरच्या म्हाताऱ्याची गोष्ट आहे.

ओसरीवरचा

@तिरफळ, हो, आणि 'आजा' म्हणताय ते कथेतच आहे एका परीनं. हा कुणी म्हातारा ज्यू असेल, कुणीतरी पक्षी करून टाकलेला, असा प्रश्न घरातली माणसंच विचारतात, आणि श्वार्त्झ उत्तर टाळतो, देव आपल्याला सगळं थोडंच सांगतो म्हणतो. डिबुक, म्हणजे अंगात शिरणारं भूत, आहेस का म्हणून विचारतात, तर म्हणतो मी नाही, माझ्या एका नातेवाइकावर मात्र तो प्रसंग आला होता! मॅलमडचा विनोद हा असा, हसता हसता घशात अडकणारा.

खडूस_खारूताई

सगळे श्वार्त्झच्या बाजूनं बोलताय म्हणून उलट बोलते. हा पक्षी फुकट राहतो, माशाशिवाय दुसरं खायला नको म्हणतो, बाल्कनीत नको आत ठेवा म्हणतो, पेपर मागतो. ज्याची आई मरायला टेकलीय अशा माणसाच्या घरी. बायको-पोराला आपल्या बाजूनं करून घेतो. वास येतो म्हटलं तर उलट ऐकवतो की वास सगळ्यांनाच येतो, काहींना त्यांच्या विचारांचा येतो. असला पाहुणा तुमच्या वन बीएचकेत महिनोन् महिने राहिला तर तुम्ही काय केलं असतं ते प्रामाणिकपणे लिहा. मॅलमडनं पक्षी मुद्दाम आवडण्याजोगा केलेला नाही, हे धाग्यात कुणी म्हणतच नाहीये.

ओसरीवरचा

@खडूस_खारूताई, मान्य, आणि कथेची ताकद तिथेच आहे. गरीब, शांत, डोळ्यांत पाणी असलेला पक्षी आणला असता तर इसापचं कोकरू झालं असतं. लांडगा वाईट, कोकरू गुणी, तात्पर्य लिहा, मार्क घ्या. श्वार्त्झ कटकट्या आहे आणि तरी त्याला फेकून देणं हा गुन्हा आहे. आसरा मिळायला गोड स्वभाव असण्याची अट आहे का, हा प्रश्न त्यानं वाचकावर सोडलाय.

न्यूजर्सीकर

मी इथे कम्युनिटी कॉलेजात इंग्लिश शिकवतो, ही कथा अभ्यासाला लावतो. मुलांशी बोलताना ज्या दोन-तीन गोष्टी निघतात त्या लिहितो.

एक, कोहेनचं पक्ष्याला डोक्याभोवती फिरवणं. मॅलमडनं ते सहज म्हणून लिहिलेलं नाही असं मला वाटतं. योम किप्पुर या प्रायश्चित्ताच्या दिवसाच्या आधी परंपरेनं चालणाऱ्या ज्यूंमध्ये 'कपारोत' नावाचा विधी आहे. कोंबडं डोक्याभोवती तीनदा ओवाळतात, माझं पाप याच्यावर जाऊ दे असं म्हणतात, मग ते कापून गरिबाला देतात. ब्रुकलिनच्या काही वस्त्यांत हे अजून होतं आणि प्राणिमित्र मंडळी दरवर्षी विरोध करतात. आता कोहेन कोण? नावावरूनच याजकांचं घराणं. त्याच्या पूर्वजांचं काम मंदिरात बळी देणं. ते सगळं पार विसरलेला हा माणूस नकळत तोच विधी करतो, फक्त पापमुक्तीचा भाग गळून गेलाय. आपल्या भाषेत 'ओवाळून टाकणं' हा शब्द तयार आहे, त्यामुळे मराठी वाचकाला हे अमेरिकन विद्यार्थ्यांपेक्षा लवकर दिसावं. माझ्या वर्गात समजावून द्यावं लागतं.

दोन, एडगर अ‍ॅलन पो. काळा बोलका पक्षी खिडकीतून येतो म्हटल्यावर प्रत्येक अमेरिकन शाळकरी पोराला त्याची 'द रेव्हन' ही कविता आठवते. पोचा डोमकावळा एकच शब्द बोलतो आणि दरवाजावरच्या पुतळ्यावर जाऊन बसतो, गूढ वगैरे. मॅलमडचा आल्या आल्या खायला काय आहे ते बघतो. अमेरिकन साहित्यातल्या सर्वांत प्रसिद्ध पक्ष्याला त्यानं हेरिंग खायला लावलं!

तीन, ऋतू. बाकीचे पक्षी थंडीत दक्षिणेला जातात, हा जात नाही. तू जात का नाहीस याच्यावर कोहेनचा राग आहे.

पेन्सिलवाला

कावळा आणि घरातलं मरण म्हटल्यावर मला पहिल्यांदा पिंडच आठवला. आई मरणपंथाला लागलीय तेव्हा पक्षी येतो, आई गेल्याच्या दुसऱ्या दिवशी जातो. म्हणजे तो तिचाच कुणी पितर, न्यायला आलेला?

न्यूजर्सीकर

@पेन्सिलवाला, जुळतंय खरं, पण ते आपलं आहे, त्यांचं नाही. ज्यू परंपरेत पितरांना जेवू घालणारा कावळा नाही. मात्र तुमच्या निमित्तानं एक गोष्ट नीट दिसते. ज्यूंमध्ये आई गेली की दफनानंतर सात दिवस 'शिवा' पाळतात. घरात जमिनीलगत बसायचं, कामधंदा बंद, लोक भेटायला येतात, मुलगा 'कद्दिश' ही मेलेल्यांसाठीची प्रार्थना म्हणतो. आई जाऊन एक दिवस झालाय आणि कथेत या कशाचा उल्लेख नाही. बायको पोराला व्हायोलिनला घेऊन गेलीय, नवरा गणिताच्या शून्यावरून पेटलाय. शोक करायचा म्हणजे काय ते या घरात एकट्या श्वार्त्झला ठाऊक होतं, आणि त्यालाच फेकलं.

तिरफळ

अरे देवा. हे वाचून पुन्हा कथा काढली.

रेवदंड्याची_लेक

बऱ्याच दिवसांनी लिहितेय. आमचं घराणं बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू. आमच्यातले बहुतेक जण १९४८नंतर हळूहळू इस्राएलला गेले, आम्ही काही घरं राहिलो. आमचे पूर्वज कोकणात तेलाच्या घाण्यावर काम करणारे, शनिवारी घाणा बंद, म्हणून गावात नाव 'शनिवार तेली'. तेव्हा ज्यू म्हटल्यावर न्यूयॉर्कच आठवणाऱ्या सर्वांना सप्रेम नमस्कार. :)

मला या कथेत पहिल्यापासून एलियाहू दिसतो. एलियाहू हनाबी, म्हणजे एलीया संदेष्टा, आमच्याकडे सगळ्यांत जवळचा. मंगल कार्य असो की नवस फेडायचा असो, मलिदा करतात, पोहे, खोबरं, साखर, वर फळं, आणि एलियाहूचं नाव घेतात. अलिबागजवळ खंडाळ्याला एक खडक आहे, त्यावर त्याच्या रथाच्या खुणा आहेत असं आमचे लोक मानतात.

जगभरच्या ज्यूंमध्ये एलियाहू हा वेषांतर करून दारात येणारा पाहुणा आहे. भिकारी होऊन येतो, प्रवासी होऊन येतो, आणि त्याला तुम्ही कसं वागवता त्यावर पुढचं ठरतं. वल्हांडण सणाच्या रात्री त्याच्यासाठी पेला भरून ठेवतात आणि दार उघडतात. आता कथेचं पहिलं वाक्य पाहा, खिडकी उघडी होती म्हणून तो हडकुळा पक्षी आत आला.

आणि दुसरं. बायबलात दुष्काळात एलियाहू करीथ ओढ्याकाठी लपून राहतो तेव्हा त्याला भाकरी आणि मांस कोण आणून देतं? डोमकावळे. सकाळ-संध्याकाळ. काळ्या पक्ष्यांनी आमच्या संदेष्ट्याला जगवलं, आणि इथे काळा पक्षी ज्यूच्या टेबलावर येऊन थोडं खायला मागतो तर त्याच्यावर हात उगारला जातो. देणं फेडायची वेळ आली होती म्हणा ना.

ओसरीवरचा

@रेवदंड्याची_लेक, हा प्रतिसाद मूळ धाग्यापेक्षा चांगला आहे. करीथचा ओढा मी या कथेशी जोडला नव्हता.

भरकटलेला_तारा

पण आज इस्राएलमध्ये जे चाललंय त्यावर लेखक काय म्हणाला असता? ज्यू लोकांना आता

संपादक

प्रतिसादाचा उर्वरित भाग काढला आहे. कथा १९६३च्या न्यूयॉर्कमधली आहे. आजच्या राजकारणासाठी वेगळा धागा चालू आहे, तिथे लिहावे.

दगडफूल

धाग्याचं नाव ज्यूबर्ड असलं तरी शेजारच्या पक्ष्या-प्राण्यांकडेही बघूया. आयझॅक बाशेव्हिस सिंगर! पोलंडमधून १९३५ला न्यूयॉर्कला आला, शेवटपर्यंत यिडिशमध्ये, म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेत लिहिलं, 'फोरव्हर्ट्स' या यिडिश दैनिकात. १९७८चं नोबेल. आणि पक्का शाकाहारी.

त्याच्याकडे प्राणी बहुतेक वेळा बोलत नाहीत. 'झ्लाटेह द गोट' ही मुलांसाठीची गोष्ट. हनुक्काचा सण तोंडावर आलाय, घरात पैसा नाही, म्हणून बाप म्हातारी शेळी खाटकाला विकायला काढतो आणि तिला घेऊन बारा वर्षांच्या आरनला पाठवतो. वाटेत हिमवादळ. पोरगा आणि शेळी गवताच्या गंजीत तीन दिवस काढतात. शेळी गवत खाते, पोरगा तिचं दूध पितो. ती फक्त 'मॅऽऽ' म्हणते. तेवढ्यात सगळा संवाद होतो. परत आल्यावर विकायची भाषा कुणी काढत नाही.

आणि मोठ्यांसाठी 'द लेटर रायटर'. हर्मन गोम्बिनर नावाचा एकटा माणूस, न्यूयॉर्कमधल्या हिब्रू प्रकाशनात काम करणारा, घरचे सगळे नाझींनी मारलेले. खोलीत एक उंदरीण येते, तिला तो हुल्दा म्हणतो, रोज खाणं-पाणी ठेवतो. मग न्यूमोनियानं आजारी पडतो आणि शुद्धीवर आल्यावर त्याला वाटतं हुल्दा उपाशी मेली असणार. तिच्यासाठी तो मनातल्या मनात जे बोलतो त्यात ते वाक्य आहे, प्राण्यांच्या बाबतीत सगळी माणसं नाझी आहेत आणि त्यांच्यासाठी ट्रेब्लिंका कायमचीच चालू आहे. ज्याच्या घरच्यांना छळछावणीनं गिळलं त्या माणसाच्या तोंडी हे दिलंय. अनेकांना हे वाक्य तेव्हाही पटलं नाही आणि आजही पटत नाही, ट्रेब्लिंकाची तुलना कशाशीच करू नये म्हणून. पण सिंगर रूपक करतच नाहीये. त्याची उंदरीण कुणा ज्यूचं प्रतीक नाही, ती उंदरीणच आहे, भुकेली.

'द स्लॉटरर' तर वाचवत नाही. रब्बी व्हायची इच्छा असलेल्या हळव्या माणसाला गावाचा खाटीक करतात, धर्माच्या नियमानं जनावरं कापणारा, आणि तो वेडा होतो. ती संध्याकाळी वाचू नका.

खडूस_खारूताई

@दगडफूल, मग त्या दृष्टीनं 'ज्यूबर्ड' ही फसवणूक आहे. तिथे प्राणी निव्वळ माणसाचा वेष आहे. पिसं काढली तर आत माणूसच. सिंगर प्राण्याला प्राणी राहू देतो. माझं मत सिंगरला.

दगडफूल

@खडूस_खारूताई, मॅलमडलाही हा प्रश्न पडला होता असं दिसतं, कारण दहा वर्षांनी त्यानं 'टॉकिंग हॉर्स' लिहिली. अब्रामोविट्झ नावाचा सर्कशीतला बोलका घोडा, मालक गोल्डबर्ग मुका-बहिरा. घोड्याला कळत नाही की आपण घोड्यात अडकलेला माणूस आहोत की माणसासारखा बोलणारा घोडा. कथा याच प्रश्नानं सुरू होते. मालक त्याच्याशी ठोके मारून बोलतो, मोर्सच्या पद्धतीनं, आणि नको ते विचारलं की नुसते ठोके नाही, मार मिळतो. शेवटी ओढाताणीत घोड्याचं मुंडकं निघतं आणि आतून माणसाचं डोकं बाहेर येतं. पण खालचं धड घोड्याचंच राहतं. तसाच, अर्धा-अर्धा, तो रानाकडे दौडत सुटतो. आत पूर्ण माणूस नाहीच, असं उत्तर त्यानं स्वतःच दिलं. :)

याच्या मागे काफ्काचा माकड उभा आहे अर्थात. १९१७ची 'अकादमीपुढे निवेदन' सांगणारी ती गोष्ट तत्त्वज्ञ मार्टिन बुबरच्या ज्यू मासिकात छापून आली होती. पिंजऱ्यातून सुटायची वाट नाही म्हणून माकड माणूस व्हायला शिकतो, थुंकायला शिकतो, दारू प्यायला शिकतो. जर्मन समाजात मिसळू पाहणाऱ्या ज्यूंबद्दलची गोष्ट म्हणून ती तिथल्या वाचकांनी वाचली असणारच.

पेन्सिलवाला

आर्ट स्पीगलमनचं 'माऊस' कुणी आणलं नाही अजून? ज्यू उंदीर, जर्मन मांजरं, पोलिश लोक डुकरं, अमेरिकन कुत्रे. १९९२ला पुलित्झरचा खास पुरस्कार. कथा नाही, चित्रकथा आहे, पण प्राणिरूपक म्हटलं की सगळ्यांना तेच आठवतं.

ओसरीवरचा

@पेन्सिलवाला, तिथे मुखवटे ठरलेले आहेत आणि ते ठरवलेत नाझींनी, ज्यूंना उंदीर म्हणणाऱ्यांनी. स्पीगलमन तीच शिवी उचलून तिच्यातून बापाची गोष्ट सांगतो. उंदराला 'तू कोण' असं कुणी विचारत नाही, ते त्याच्या तोंडावरच लिहिलंय. श्वार्त्झला मात्र सगळे विचारतात, कावळा का, भूत का, म्हातारा का, आणि तो दर वेळी स्वतःचं नाव स्वतः सांगतो. मला हा फरक मोठा वाटतो. दिसायला तो कावळाच आहे आणि त्याचे डोळे काढणारेही बहुधा कावळेच.

रेवदंड्याची_लेक

यावरून तालमुद या आमच्या जुन्या धर्मग्रंथातली एक प्राणिकथा देते, कारण ज्यूंच्या प्राणिकथा अमेरिकेत सुरू झाल्या असं वाटायला नको. रब्बी मेईर यांना कोल्ह्याच्या तीनशे गोष्टी येत होत्या, त्यातल्या तीनच उरल्या, असं तालमुदच सांगतो. पण ही रब्बी अकिवांची.

रोमन राज्यानं तोरा, म्हणजे ज्यूंचं धर्मशास्त्र, शिकवायला बंदी केली तरी अकिवा उघड शिकवत होते. कुणीतरी विचारलं, भीती नाही वाटत? तेव्हा त्यांनी सांगितलं. कोल्हा नदीकाठी आला, बघतो तर मासे इकडून तिकडे पळताहेत. कशाला पळता? जाळ्यांच्या भीतीनं. मग वर जमिनीवर या ना, आपण शेजारी राहू. मासे म्हणाले, तुला लोक शहाणा कसं म्हणतात? जिथे आम्ही जगतो तिथे जर एवढी भीती, तर जिथे मरतो तिथे किती असेल!

अकिवांना पुढे रोमनांनी हालहाल करून मारलं. म्हणजे पाण्यात राहूनही मासा वाचला नाही. त्या गोष्टीचं 'तात्पर्य' काय घ्यायचं ते तालमुदलाही सोपं गेलेलं नाही. माझ्या मते कोहेन हा जमिनीवर आलेला मासा आहे. कोल्ह्याचं ऐकलं, सर्वांत वरच्या मजल्यावर राहायला गेला, आता त्याला पाण्याच्या वासाचीच चीड येते.

तिरफळ

हे बेस्ट आहे. आता शेवटावर बोला कुणीतरी. ईडी जे उत्तर देते ते मला कळत नाही. तिला माहीत आहे ना नवऱ्यानं काय केलं? त्यानं तर मायलेक घरी आल्यावर सांगितलेलं असतं की मी त्याला फेकला, तो उडून गेला, बरं झालं. मग ती 'ज्यूद्वेष्ट्यांनी' असं का म्हणते? पोराला खोटं सांगते की खरं?

न्यूजर्सीकर

वर्गात हाच प्रश्न सर्वांत जास्त वेळ चालतो. निम्मी मुलं म्हणतात ती नवऱ्याला ज्यूद्वेष्टा म्हणतेय, शांतपणे, पोराच्या देखत. निम्मी म्हणतात ती बापाला वाचवतेय, दोष बाहेरच्यांवर ढकलून. दोन्ही बाजूंना कथेत पुरावा आहे, कारण बाल्कनीतून पडून डोळे जात नाहीत, ते कुणीतरी नंतर काढलेले आहेत.

खडूस_खारूताई

तिसरी शक्यता कुणी घेत नाहीये. ती स्वतःसकट बोलतेय. चोरून खायला घालायचं, नवऱ्यासमोर मात्र गप्प बसायचं. मांजर घरात आलं तेव्हा तिनं काय केलं? काकोलूकीयातल्या त्या चार दयाळू मंत्र्यांसारखीच ती. दया आहे, पण खिडकीशी उभं राहायला कुणी नाही.

ओसरीवरचा

@खडूस_खारूताई, तुम्ही सिंगरला मत देऊनही या कथेवर सर्वांत जास्त वेळ घालवताय, हे नोंदवून ठेवतो.

@तिरफळ, 'नंतर' हा शब्द पाहा. पोरगा मेलेल्या पक्ष्यापाशी विचारतो, उत्तर घरी येऊन मिळतं. मधे काय झालं, ती बाहेर जाऊन बघून आली का, नवऱ्याशी बोलली का, मॅलमड सांगत नाही. माझं मत न्यूजर्सीकरांच्या पहिल्या निम्म्या वर्गाबरोबर, कारण बाहेरच्यांवर ढकलायचं असतं तर तिनं कावळ्यांनी म्हटलं असतं.

दगडफूल

पुढच्या आठवड्यात 'टॉकिंग हॉर्स' घ्यायची का? नवा धागा मी काढते, पण आधी सगळ्यांनी वाचून या. 'रेम्ब्राँट्स हॅट' या संग्रहात आहे, १९७३चा.

पेन्सिलवाला

चालेल. माकड पण घ्या बरोबर.